‘शुद्ध’ हा अर्थ आला कुठून? कॅथरीन या नावाच्या उगमाचा आढावा

बाळाच्या नावांचे कोणतेही युरोपीय पुस्तक उघडले, तर कॅथरीन या नावापुढे बहुधा एकच अर्थ छापलेला दिसतो: शुद्ध, निर्मळ. अभ्यासकांनी तयार केलेले नामकोश पाहिले, तर तिथे ‘व्युत्पत्ती अनिश्चित’ असा शेरा असतो. एकाच नावाबद्दलची ही दोन विधाने दीर्घकाळ शेजारी शेजारी नांदत आली आहेत आणि त्यांच्यातली तफावत सहसा कुणी उलगडून सांगत नाही. या लेखात तो प्रयत्न केला आहे.

मेरी, ॲन, एलिझाबेथ, मार्गारेट यांच्या पंक्तीत बसणारे हे नाव. मध्ययुगापासून युरोपात ते सतत ठेवले गेले आणि प्रत्येक भाषेने ते आपल्या वळणाने घडवले. रशियात ते येकातेरिना आणि लाडाने कात्या झाले, इटलीत कातेरिना, पोर्तुगालमध्ये कातारिना, स्पेनमध्ये कातालिना, हंगेरीत कातालिन, पोलंडमध्ये काताझिना. डेन्मार्कमधली कारेन, स्वीडनमधली कारिन आणि आयर्लंडमधली कॅत्रीओना याही त्याच कुळातल्या. कतरिना हे रूप तर हिंदी चित्रपटामुळे आपल्याकडे घरोघरी माहीत आहे.

या नावाविषयीच्या चर्चेत तीन वेगळे प्रश्न एकमेकांत मिसळलेले असतात. मूळ शब्द कोणता होता, हा पहिला. आज दिसणारी स्पेलिंगे आणि उच्चार कसे घडले, हा दुसरा. नाव ठेवणाऱ्यांनी त्याला कोणता अर्थ दिला, हा तिसरा. पहिल्याचे उत्तर अजून मिळालेले नाही. उरलेल्या दोन प्रश्नांबाबत मात्र बरेच काही खात्रीने सांगता येते.

पार्श्वभूमी: संत, चक्र आणि सिनाई पर्वत

हे नाव जगभर पोचले ते अलेक्झांड्रियाच्या संत कॅथरीनमुळे. आख्यायिकेप्रमाणे ही उच्चकुलीन, विदुषी तरुणी चौथ्या शतकाच्या आरंभी होऊन गेली. ख्रिस्ती लोकांचा छळ करणाऱ्या सम्राट माक्सेन्तियसला तिने जाब विचारला. तिला वादात हरवण्यासाठी त्याने पन्नास तत्त्वज्ञ आणवले. तिनेच त्यांना निरुत्तर केले आणि ते ख्रिस्ती झाले. मग तिच्यासाठी खिळे ठोकलेली चक्रे तयार झाली, पण ती मोडून पडली. शेवटी तिचा शिरच्छेद झाला आणि देवदूतांनी तिचा देह सिनाई पर्वतावर नेऊन ठेवला. तिच्या हातात किंवा पायाशी दाखवले जाणारे मोडके चक्र ही तिची खूण झाली. आपण जिला भुईचक्र म्हणतो त्या जातीच्या गरगर फिरणाऱ्या दारूकामाला इंग्रजीत आजही ‘कॅथरीनचे चक्र’ म्हणतात.

या कथेला ऐतिहासिक आधार किती, यावर मोठा वाद आहे. माक्सेन्तियसची सत्ता रोममध्ये होती, इजिप्त त्याच्या ताब्यात कधीच नव्हते. तिथे त्या काळी माक्सिमिनस दाया राज्य करत होता. या संतेचा स्पष्ट उल्लेख सातव्या-आठव्या शतकापूर्वी सापडत नाही. म्हणजे घटना आणि पहिली नोंद यांत तीन-चार शतकांचे अंतर पडते. सिनाईच्या पायथ्याचा मठ सहाव्या शतकात सम्राट जस्टिनियनने बांधवला, तेव्हा तो तिच्या नावाचा नव्हता. तिचे नाव त्याला पुढे लागले.

चर्च इतिहासकार युसेबियसने माक्सिमिनसचा निर्धाराने प्रतिकार करणाऱ्या अलेक्झांड्रियाच्या एका श्रीमंत, सुशिक्षित स्त्रीची हकिकत दिली आहे. तिची मालमत्ता जप्त झाली आणि तिला हद्दपार केले गेले. युसेबियस तिचे नाव देत नाही. त्याच्या ग्रंथाचा लॅटिन अनुवाद करणाऱ्या रुफिनसने तिला डोरोथेया म्हटले. हीच कॅथरीनच्या कथेमागची खरी व्यक्ती असावी, असा एक तर्क आहे. दुसरा तर्क हिपेशियाचा. इ.स. ४१५ मध्ये अलेक्झांड्रियात ख्रिस्ती जमावाने ठार मारलेल्या या गणिती आणि तत्त्वज्ञ स्त्रीची हकिकत, धर्माच्या बाजू उलटून, कॅथरीनच्या कथेत उतरली असावी असे एकोणिसाव्या शतकापासून मांडले जाते. शहर, विद्वत्ता आणि हिंसक मृत्यू या तीन गोष्टी जुळतात हे खरे. पण एका कथेतून दुसरी कशी निघाली याचा दुवा दाखवणारा मजकूर मिळालेला नाही. कॅथलिक चर्चने १९६९ मध्ये तिचा सण सार्वत्रिक दिनदर्शिकेतून वगळला आणि २००२ मध्ये ऐच्छिक स्मरणदिन म्हणून पुन्हा घेतला, यावरून या प्रश्नाचे अवघडपण लक्षात येते.

नावाच्या अभ्यासाला या वादाची झळ थेट बसते. संत ऐतिहासिक असेल, तर तिचे नाव चौथ्या शतकातल्या इजिप्तमधल्या ग्रीकभाषक कुटुंबात ठेवलेले नाव ठरते आणि त्याचा शोध त्या समाजातल्या नावांमध्ये घ्यावा लागतो. ती कथेतली व्यक्ती असेल, तर नाव कथाकाराने निवडलेले असते आणि त्यात मुद्दाम योजलेला अर्थ असण्याची शक्यता वाढते.

पहिले मत: ‘काथारोस’, म्हणजे शुद्ध

सर्वांत लोकप्रिय मत असे की कॅथरीन हे नाव ग्रीक ‘काथारोस’ या विशेषणावरून आले. काथारोस म्हणजे स्वच्छ, निर्मळ, निर्दोष. ॲरिस्टॉटलच्या काव्यविचारातली ‘कॅथार्सिस’ ही संज्ञा याच धातूची. कुमारी हुतात्म्याला हा अर्थ इतका शोभतो की दुसरा शोधण्याची गरजच वाटू नये. लॅटिन लेखकांनी हा संबंध फार पूर्वीच जोडला आणि त्यावरून ‘थ’ दाखवणारी स्पेलिंगे रुळली. जर्मन काथारिना आणि इंग्रजी कॅथरीन ही त्याची फळे. केंब्रिजमध्ये १४७३ साली स्थापन झालेले सेंट कॅथरीन्स कॉलेज आपल्या नावात मधला स्वर ‘ए’ ऐवजी ‘आ’ चा लिहिते, तेही काथारोसशी जवळीक राखूनच.

या मताची अडचण जुन्या ग्रीक रूपात आहे. ते रूप ‘ऐकातेरिने’ असे लिहिले जाते आणि त्यात ‘त’ आहे, ‘थ’ नाही. ग्रीकमध्ये ही दोन वेगळी अक्षरे आहेत, ताऊ आणि थीटा. प्राचीन ग्रीकमध्ये त्यांच्यातला फरक आपल्या त आणि थ मधल्या फरकासारखाच होता, एक अल्पप्राण आणि दुसरा महाप्राण. इंग्रजी वाचकाला हा मुद्दा समजावून द्यावा लागतो, देवनागरीत वाचणाऱ्याला तो लिहिताक्षणीच दिसतो. काथारोसवरून नाव निघाले असते, तर ग्रीक हस्तलिखितांत थीटा दिसायला हवा होता.

शेजारच्या भाषांची साक्षही याच बाजूची आहे. रशियन भाषेत ग्रीक थीटाचा ‘फ’ होतो. थेओदोरोसचा फ्योदोर झाला, मार्थाची मार्फा झाली, तिमोथेओसचा तिमोफेय झाला. पण ऐकातेरिनेची येकाफेरिना झाली नाही, येकातेरिना झाली. जॉर्जियन लिपीत ग्रीक ताऊ आणि थीटा यांच्यासाठी दोन वेगळी अक्षरे वापरली जातात, आणि एकातेरिने हे नाव तिथेही ताऊच्याच अक्षराने लिहितात. म्हणजे हे नाव ज्या काळी ग्रीकमधून पूर्वेकडे गेले, त्या काळी त्यात थीटा नव्हता.

दुसरी अडचण सुरुवातीच्या ‘ऐ’ ची. काथारोसमध्ये तो स्वर नाही. ग्रीक लोकपरंपरेत यावर एक उत्तर दिले जाते: ‘आएई’ म्हणजे सदैव, आणि ‘काथारी’ म्हणजे शुद्ध, म्हणून नित्यशुद्ध. कल्पना सुंदर आहे आणि भाविकांना ती मनापासून पटते. पण तिनेही थ चा त कसा झाला याचा उलगडा होत नाही. म्हणून आज बहुतेक भाषाभ्यासक काथारोसला मूळ मानत नाहीत, तो नावावर नंतर पडलेला प्रभाव मानतात.

दुसरे मत: देवी हेकाते

दुसऱ्या मताप्रमाणे नावाचा उगम हेकाते या ग्रीक देवीत आहे. वाटांच्या संगमावर जिची पूजा होई, जिच्या हातात मशाली असत आणि जी पुढे तीन रूपांत दाखवली जाऊ लागली, ती ही देवी. हेसिऑडच्या काव्यात तिला मोठा मान आहे. चेटूक आणि भुताखेतांशी तिचा संबंध नंतर घट्ट झाला आणि शेक्सपिअरच्या ‘मॅकबेथ’मध्ये ती चेटकिणींची स्वामिनी होऊन अवतरते.

या मताला उच्चाराचा आधार आहे. रोमन काळाच्या उत्तरार्धात ग्रीकमध्ये आरंभीचा ‘ह’ उच्चारातून गेला होता आणि ‘ऐ’ असे लिहिलेल्या स्वराचा उच्चार ‘ए’ होऊ लागला होता. त्यामुळे मूळचे हेकातेरिने बोलताना एकातेरिने झाले आणि लिहिणाऱ्याने त्या ‘ए’ साठी ‘ऐ’ ची अक्षरे वापरली, असे सहज घडू शकते. काथारोसला न सुटणारे आरंभीच्या स्वराचे कोडे इथे सुटते. आशिया मायनरमध्ये, विशेषतः कारिया प्रांतात, या देवीवरून नावे ठेवण्याची रीत होती. मिलेटसचा इतिहासलेखक हेकातायोस आणि कारियाचा क्षत्रप हेकातोम्नोस यांची नावे त्याच परंपरेतली.

ख्रिस्ती संतेला जुन्या देवीचे नाव कसे असेल, असा आक्षेप घेतला जातो, पण तो टिकत नाही. पहिल्या शतकांतल्या ख्रिस्ती लोकांची नावे अशीच होती. संत पॉलच्या पत्रात आदराने उल्लेखलेल्या फीबीचे नाव जुन्या देवकुळातले आहे. अलेक्झांड्रियाच्या एका बिशपचे नाव दिओनिसियस होते. इसिदोर म्हणजे तर इसिसने दिलेला. माणसे धर्म बदलत, नावे तीच राहत.

खरा आक्षेप व्याकरणाचा आहे. हेकातेवरून हेकातायोस, हेकाताया अशी रूपे होतात. त्यात ‘र’ कुठून आला, याचे समाधानकारक उत्तर मिळत नाही. पॅट्रिक हँक्स आणि फ्लाव्हिया हॉजेस यांच्या व्यक्तिनामांच्या कोशात नावाची व्युत्पत्ती अज्ञात मानली आहे आणि हेकातेचा संबंध पटण्याजोगा नाही, असे मत नोंदवले आहे.

तिसरे मत: ‘हेकातेरोस’, म्हणजे दोहोंपैकी प्रत्येक

हा ‘र’ पुरवणारे मत तिसरे. ग्रीकमध्ये ‘हेकातेरोस’ असा एक शब्द आहे, त्याचा अर्थ दोहोंपैकी प्रत्येक. त्यातला ‘तेरोस’ हा प्रत्यय संस्कृतमधल्या ‘तर’ या प्रत्ययाचा सख्खा भाऊ. कतर, अन्यतर या शब्दांत तो दोहोंतून निवड दाखवतो. हेकातेरोसला स्त्रीनामाचा ‘इने’ हा शेवट लावला, की हेकातेरिने मिळते. आरंभीचा स्वर, मधला त आणि त्यापुढचा र या तिन्ही ठिकाणी जुळणारी ही एकमेव मांडणी आहे.

प्रश्न अर्थाचा उरतो. ‘दोहोंपैकी प्रत्येक’ हे मुलीचे नाव कशाला कुणी ठेवेल? जुळ्यांपैकी एकीला असे नाव दिले जात असावे, असा तर्क करता येतो. पण तो तर्कच आहे. शिवाय हे रूप सामान्य व्यवहारात व्यक्तिनाम म्हणून ठेवले जात होते, हे दाखवणारे भरघोस दाखले हवेत आणि तशी रास कुणी पुढे मांडलेली नाही. ध्वनींच्या कसोटीवर हे मत सर्वांत सरस, अर्थाच्या आणि पुराव्याच्या कसोटीवर अपुरे, अशी आजची स्थिती आहे.

इतर मते आणि मध्ययुगीन निर्वचन

‘ऐकिया’ म्हणजे छळ, यातना या ग्रीक शब्दाशीही नाव जोडले गेले आहे. हुतात्म्याला ते साजते आणि आरंभीचा ‘ऐ’ ही मिळतो. पण जन्मतः ठेवलेले नाव छळावरून कसे असेल, हा प्रश्न राहतो, आणि कथाकाराने घडवलेले नाव मानले तरी उरलेली अक्षरे जुळवता येत नाहीत. कॉप्टिक भाषेतून नाव आल्याची सूचनाही झाली आहे. संत इजिप्तची असल्याने ती विचारात घ्यावी लागते, पण तिच्या बाजूचा पुरावा तुटपुंजा आहे.

मध्ययुगात मात्र वेगळ्याच दृष्टीने विचार होई. तेराव्या शतकात याकोबुस दे वोराजिने याने संतचरित्रांचा जो प्रचंड लोकप्रिय संग्रह लिहिला, त्यात बहुतेक चरित्रांच्या आरंभी नावाची फोड दिलेली असते. त्याने कॅथरीनची फोड ‘काथा’ म्हणजे संपूर्ण आणि ‘रुइना’ म्हणजे विध्वंस अशी केली: सैतानाची इमारत जिच्यात पुरती कोसळली ती. याला पर्याय म्हणून त्याने ‘कातेनुला’ म्हणजे छोटी साखळी हाही शब्द दिला: सत्कृत्यांची साखळी करून जी स्वर्गात चढली ती. या साखळीच्या चार पायऱ्याही त्याने सांगितल्या: आचरणातले निष्पापपण, मनाची स्वच्छता, दिखाऊपणाचा तिटकारा आणि सत्यवचन.

आधुनिक भाषाशास्त्राच्या मापाने ही फोड चुकीची आहे. पण यास्काच्या निरुक्ताशी परिचय असलेल्या वाचकाला ती परकी वाटणार नाही. तिथेही एका शब्दाची अनेक निर्वचने शेजारी ठेवलेली असतात आणि प्रत्येकातून अर्थाचा एक पैलू उजळतो. वोराजिनेला नावाचा इतिहास सांगायचा नव्हता, नावावर चिंतन करायचे होते. त्याचा मजकूर उगमाचा पुरावा म्हणून बाद ठरतो. त्या काळच्या लोकांनी नावात काय पाहिले, याचा पुरावा म्हणून तो मोलाचा आहे.

नावाचा प्रवास: दिनदर्शिकेतून नकाशावर

नाव पसरले ते अर्थामुळे नव्हे, संतेच्या लोकप्रियतेमुळे, यावर अभ्यासकांचे एकमत आहे. अकराव्या शतकात फ्रान्समधल्या रूआँच्या मठात तिचे अवशेष असल्याचा दावा झाला आणि पश्चिमेत तिची भक्ती वाढली. इंग्लंडमध्ये बाराव्या शतकाच्या आरंभी डन्स्टेबल इथे जेफ्री नावाच्या शिक्षकाने तिच्यावर नाटक बसवले. त्यासाठी सेंट ऑल्बन्सच्या मठातून उसने आणलेले भरजरी झगे आगीत जळाले आणि भरपाई म्हणून तो स्वतःच त्या मठात साधू झाला. पुढे १११९ मध्ये तो तिथला मठाधिपती झाला. तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात तिचे जे इंग्रजी चरित्र लिहिले गेले, त्यात नाव ‘कातेरिन’ असे आहे, ह शिवाय. म्हणजे इंग्लंडमध्येही आधी त आला, थ दाखवणारे लेखन नंतर स्थिरावले. स्पेलिंग अर्थाच्या मागे गेल्याचा हा ठळक दाखला आहे.

या संतेचा दिवस २५ नोव्हेंबर, आणि आपल्या भूमीशी या नावाचे नाते या तारखेतूनच जुळते. पोर्तुगीज सेनानी अफोन्सो द अल्बुकर्कने १५१० मध्ये गोवा जिंकून घेतला तो याच दिवशी. त्यामुळे ती शहराची आश्रयदात्री संत ठरली आणि विजयाच्या जागी तिचे छोटे प्रार्थनास्थळ उभे राहिले. जुन्या गोव्यातले भव्य से कॅथेड्रल तिलाच वाहिलेले आहे. त्याचे बांधकाम १५६२ मध्ये सुरू झाले. तिथल्या मुख्य वेदीवरच्या सोनेरी कोरीव फलकांवर तिच्या हौतात्म्याचे प्रसंग आहेत. पोर्तुगीज भारताच्या बोधचिन्हातही तिचे चक्र होते. पोर्तुगीजांनी हे नाव कातारिना असे आणले, त्यात त आहे. ग्रीकमधला जुना त गोव्यात शाबूत पोचला.

मुंबईचे नातेही याच तारखेचे. पोर्तुगालची राजकन्या कातारिना हिचा जन्म २५ नोव्हेंबर १६३८ चा. संतेच्या दिवशी जन्मलेल्या मुलीला संतेचे नाव देण्याची रीत तिथे होती. १६६१ च्या करारानुसार तिचा इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्सशी विवाह ठरला, मुंबई बेट आंदणात इंग्रजांकडे गेले आणि १६६८ मध्ये ते वार्षिक दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीला मिळाले. इंग्लंडला पोचताच कातारिनाची कॅथरीन झाली.

रशियात नाव बदलून घेण्याचीही उदाहरणे आहेत. जर्मन राजकन्या सोफी हिने १७४४ मध्ये ऑर्थोडॉक्स पंथ स्वीकारताना येकातेरिना हे नाव घेतले, आणि पुढे ती कॅथरीन द ग्रेट म्हणून राज्यावर बसली. यातल्या कोणत्याही प्रसंगी काथारोस की हेकातेरोस असा प्रश्न कुणाला पडला नाही. वारसा, तारीख आणि संतेचा आशीर्वाद एवढे पुरेसे होते.

सारखेपणाची ओढ: केतेवानचे उदाहरण

अनोळखी नाव ओळखीच्या शब्दाकडे कसे ओढले जाते, हे समजायला गोव्याशीच जोडलेले आणखी एक प्रकरण उपयोगी पडते. जॉर्जियाची राणी केतेवान हिने धर्मांतरास नकार दिला म्हणून १६२४ मध्ये शिराझ इथे तिचा छळ करून तिला ठार मारण्यात आले. पोर्तुगीज ऑगस्टिनियन साधूंनी तिचे काही अवशेष गोव्यात आणले. जुन्या गोव्यातल्या सेंट ऑगस्टिन मठाच्या उत्खननात मिळालेल्या अस्थींची हैदराबादच्या सीसीएमबी या संस्थेत डीएनए चाचणी झाली, आणि २०२१ मध्ये भारताने अवशेषांचा एक भाग जॉर्जियाला भेट दिला.

जर्मन कवी आन्द्रेआस ग्रिफियुसने या राणीवर शोकांतिका लिहिली, तिचे नाव ‘जॉर्जियाची काथारिना’. युरोपीय कानाला केतेवान आणि कॅथरीन एकच वाटले. प्रत्यक्षात केतेवान हे नाव साधारणपणे फारसी कातायून या नावाशी जोडले जाते. शाहनाम्यात इस्फंदियारच्या आईचे नाव तेच आहे. जॉर्जियन भाषेत तर केतेवान आणि एकातेरिने ही दोन स्वतंत्र नावे शेजारी शेजारी चालतात.

ऐकातेरिनेचे काथारिना होणे आणि केतेवानचे काथारिना होणे, या दोन्हींमागे एकच प्रवृत्ती आहे. ऐकणाऱ्याला अर्थ हवा असतो आणि अपरिचित ध्वनी तो परिचित शब्दात बसवतो. केतेवानच्या बाबतीत हे घडताना आपल्याला दिसते, कारण कागदपत्रे आहेत. ऐकातेरिनेच्या बाबतीत ते अनुमानाने ठरवावे लागते. तरी पहिल्यावरून दुसऱ्याची प्रक्रिया ध्यानात येते.

नावाला अर्थ असतो का?

जॉन स्टुअर्ट मिलने १८४३ च्या तर्कशास्त्रावरील ग्रंथात असे मांडले की विशेषनाम व्यक्तीचा निर्देश करते, तिचा गुण सांगत नाही. डार्टमथ हे गाव डार्ट नदीच्या मुखाशी आहे म्हणून त्याला ते नाव पडले, पण उद्या नदीने पात्र बदलले तरी गावाचे नाव बदलणार नाही, हे त्याचे उदाहरण. ही भूमिका घेतली तर कॅथरीनचा अर्थ हा प्रश्नच गौण ठरतो.

दुसरी बाजू समाजाच्या व्यवहाराची. आईबाप नाव निवडताना अर्थ विचारतात. आपल्याकडे बारशाला हे जसे होते, तसे युरोपातही होते. शतकानुशतके लोकांनी कॅथरीनमध्ये निर्मळपणा पाहिला, त्यावरून लेखन बदलले, प्रवचने रचली, मुलींची नावे ठेवली. इतक्या लोकांनी इतका काळ जपलेला अर्थ खोटा म्हणून झटकून टाकणे न्याय्य नाही. तो मूळ अर्थ नाही, एवढेच म्हणता येते. या दोन्ही भूमिका आपापल्या प्रश्नापुरत्या बरोबर आहेत. मिल नावाच्या तार्किक कामाविषयी बोलतो, समाज नावाशी जडलेल्या भावाविषयी.

काय ठरले, काय उरले

ठरलेल्या गोष्टी अशा. जुन्या ग्रीक रूपात आरंभी स्वर आणि मध्ये त होता. थ पश्चिमेत, काथारोसच्या प्रभावाने आला. नाव पसरले ते संतेमुळे. ‘शुद्ध’ हा अर्थ जुना आणि दृढ आहे, पण तो नंतर जडलेला आहे.

उरलेल्या गोष्टी दोन. पहिली, मूळ शब्द हेकातेरोस, हेकाते की तिसराच काही. दुसरी, संतेआधी हे नाव प्रत्यक्ष माणसांना ठेवले जात होते का. दुसरीचे उत्तर मिळाले, तर पहिलीचा मार्ग मोकळा होईल. त्यासाठी शिलालेख आणि पपायरस हाच मुख्य आधार. ऑक्सफर्डमध्ये १९७२ पासून चाललेल्या ग्रीक व्यक्तिनामांच्या कोशाने शिलालेखांतली नावे प्रांतवार लावून दिली आहेत. इजिप्तच्या पपायरसांतल्या नावांचे संगणकीय संचही आता अभ्यासकांच्या हाताशी आहेत. इजिप्तमध्ये चौथ्या शतकापूर्वीचे, तारीख ठरलेले ‘हेकातेरिने’ असे एखादे व्यक्तिनाम मिळाले तर तिसऱ्या मताचे पारडे जड होईल. थीटा असलेले तितकेच जुने ग्रीक रूप मिळाले तर आज मागे पडलेले पहिले मतही पुन्हा विचारात घ्यावे लागेल.

तोवर उपलब्ध पुराव्यावरून हेकातेरोस हे मत इतरांपेक्षा बरे ठरते, पण सिद्ध झालेले नाही. नामकोश करणाऱ्यांनी, आणि मुलीला हे नाव देणाऱ्यांनीही, दोन ओळी लक्षात ठेवाव्यात: मूळ अनिश्चित, परंपरेने अर्थ ‘शुद्ध’. या दोन्ही ओळी खऱ्या आहेत, आणि नोंदीत त्या एकत्रच छापल्या जायला हव्यात.